बाईकवाल्याने हात दाखवला, आता काय समजायचं?

पुढच्या बाईकवाल्याचा हात बाहेर आला की मागचे लोक सहसा दोनच गोष्टी करतात, एक तर हॉर्नवर अंगठा ठेवून बसतात नाहीतर ज्या बाजूला हात आलाय त्याच बाजूने गाडी घुसवतात. माझं म्हणाल तर इंडिकेटरपेक्षा हातावर जास्त विश्वास ठेवावा. आपल्याकडच्या बहुतेक बाईक आणि स्कूटरचा इंडिकेटर वळण झाल्यावर आपोआप बंद होत नाही, बटण दाबावं लागतं, ते राहून जातं आणि मग एखादे काका गावाच्या वेशीपासून पार हायवेपर्यंत उजवा इंडिकेटर मिचकावत सरळच्या सरळ चाललेले असतात. हात मात्र कोणी विसरून बाहेर ठेवत नाही. हात दिसला म्हणजे त्या माणसाला आत्ता, या सेकंदाला काहीतरी करायचंय किंवा सांगायचंय. काय ते ओळखायला शिकायचं, एवढाच मुद्दा आहे.

आधी नियमातले इशारे बघू. मोटर वाहन कायदा १९८८ चं कलम १२१ सांगतं की चालकाने ठरवून दिलेले सिग्नल द्यायचेच, फक्त वळणं आणि थांबणं यासाठी इंडिकेटर-ब्रेकलाईट वापरली तरी चालते. हाताचे इशारे कोणते ते १९८९ च्या रस्त्याच्या नियमांमध्ये लिहिलेले होते (२०१७ मध्ये त्यांच्या जागी नवे नियम आले), पाचच होते आणि पाचही उजव्या हाताचे, लर्निंगच्या परीक्षेला आपण सगळ्यांनी पाठ केलेत आणि लायसन हातात पडल्यावर विसरलोय.

उजवा हात सरळ आडवा बाहेर, तळवा समोरच्या दिशेला, म्हणजे मी उजवीकडे वळतोय किंवा ओव्हरटेक करायला उजवीकडे सरकतोय. कोपरातून हात वाकवून पंजा वर उभा केला, तळवा उजवीकडे, म्हणजे थांबतोय. हात आडवा, तळवा जमिनीकडे आणि हात वर-खाली, म्हणजे स्पीड कमी करतोय. हात आडवा ठेवून मागून पुढे, मागून पुढे असा अर्धगोल फिरवला तर तुम्ही पुढे जा. आणि उजवा हात बाहेर काढून घड्याळाच्या उलट दिशेने गोल गोल फिरवला तर डावीकडे वळतोय. हा शेवटचा इशारा आरटीओच्या टेस्ट ट्रॅकबाहेर मी तरी कुणाला करताना बघितला नाही. रस्त्यावर लोक डावीकडे जायचं असेल तर सरळ डावा हात बाहेर काढतात आणि मागच्याला ते पटकन कळतं सुद्धा, त्यामुळे तक्रार नाही.

यातले दोन इशारे लांबून अगदी सारखे दिसतात आणि गोंधळ तिथेच होतो. हात वर-खाली होतोय म्हणजे हळू हो, मागे-पुढे होतोय म्हणजे जा. एक म्हणतो ब्रेक मार आणि दुसरा म्हणतो निघ, म्हणजे बरोबर उलट. पावसात, काचेवर पाणी असताना, पुढचा माणूस काळा रेनकोट घालून हात हलवतोय आणि तो वर-खाली की मागे-पुढे हे कळत नाहीये, तर मुकाट्याने हळूच व्हायचं. तुम्ही उगाच हळू झालात तर चार सेकंद जातील, उगाच पुढे गेलात तर समोरून एसटी येत असेल.

आता प्रश्न असा की नियम उजव्या हाताचे आणि बाईकचा उजवा हात तर सगळ्यात बिझी. हे इशारे मुळात उजव्या खिडकीतून हात बाहेर काढणाऱ्या कार-ट्रकच्या ड्रायव्हरला सोयीचे आहेत, बाईकवर त्याच हातात थ्रॉटल (म्हणजे अ‍ॅक्सिलरेटर) आणि पुढचा ब्रेक दोन्ही असतात. हात सोडला की थ्रॉटल बंद होतो आणि गाडी इंजिनवरच हळू व्हायला लागते, मागे ब्रेकलाईट न पेटता. हे मागच्यांनी नीट लक्षात घ्या, बाईकवाल्याने उजवा हात काढलाय याचा अर्थ त्याची गाडी स्लो होतेच आहे आणि लाल दिवा काही लागणार नाही. घाटात गियर खाली टाकून उतरणाऱ्याचंही तसंच, ब्रेक दाबलेला नसतो पण स्पीड पडलेला असतो, म्हणून समजदार रायडर तिथे तळवा खाली करून हात हलवतो.

म्हणूनच गियरच्या बाईकवाले बरेचसे इशारे डाव्या हाताने करतात, डाव्या हातात फक्त क्लच, तो सोडला तरी पुढचा ब्रेक उजव्या हातात आणि मागचा उजव्या पायात शिल्लक राहतो. स्कूटरचं गणित वेगळं आहे. अ‍ॅक्टिव्हासारख्या गाडीला पायात ब्रेकच नाही, डावा हात सोडला तर फक्त पुढचा ब्रेक उरतो, आणि १२५ सीसीपर्यंतच्या हल्लीच्या बहुतेक स्कूटरना कॉम्बी ब्रेक असतो म्हणजे डावं लिव्हर दाबलं की पुढची-मागची दोन्ही चाकं धरतात, त्यामुळे स्कूटरवर उलट उजवा हात सोडणं त्यातल्या त्यात बरं. स्कूटरवाल्यांना हे कोणी सांगत नाही.

इथे एक धोक्याची गोष्ट सांगून ठेवतो. नेटवर ग्रुप रायडिंगच्या हँड सिग्नलचे जे चार्ट फिरतात ते बहुतेक अमेरिकेचे आहेत, तिकडे गाड्या रस्त्याच्या उजवीकडून चालतात आणि सगळे इशारे डाव्या हाताने. त्यात डावा हात कोपरात वाकवून पंजा वर केला की अर्थ होतो उजवीकडे वळतोय. आपल्याकडे उभा पंजा म्हणजे थांबतोय. आता कोणी तो चार्ट बघून आपल्या रस्त्यावर डावा पंजा वर करून उजवीकडे वळला तर मागच्या टेम्पोवाल्याला वाटणार हा थांबतोय किंवा कुणाला तरी हाय करतोय, आणि तो जाणार उजवीकडूनच. तेव्हा चार्टमधलं बाकी काहीही घ्या, ते एक घेऊ नका. उजवीकडे वळायचं तर उजवा हात, सरळ, आडवा.

नियमात नसलेले पण रोज दिसणारे इशारे याहून जास्त आहेत. बाजूने जाणारा माणूस तुमच्या पायाकडे बोट दाखवून हात झटकतोय, साईड स्टँड वर नाहीये तुमचा. मागच्या चाकाकडे बोट आणि तोंडाने ओरडतोय, ओढणी नाहीतर पदर चाकात जातोय, लगेच कडेला घ्या, जोरात ब्रेक मारू नका आणि मागे बसलेल्या बाईला कापड हिसकायला लावू नका, आधी गाडी थांबवा मग सोडवा. पाची बोटं उघड-मीट करून दाखवली तर पूर्वी अर्थ होता दिवसा लाईट चालू राहिलीये. १ एप्रिल २०१७ पासून नव्या टू-व्हीलरची हेडलाईट इंजिनबरोबर लागलेलीच राहते, बंद करायला बटणच नाही, तरी अजून एखादे आजोबा काळजीने बोटं उघडमीट करून दाखवतात. त्यांना मान हलवून थँक्यू म्हणायचं आणि पुढे जायचं. फक्त एक, इंडिकेटर चालू राहिला असेल तरीही हाच इशारा करतात, म्हणून मीटरवरचा बाण एकदा बघून घ्या.

रिक्षावाल्यांचा पाय हा वेगळाच विषय. ज्या बाजूने पाय बाहेर आला त्या बाजूला रिक्षा वळणार किंवा कडेला लागणार, आणि पाय आणि वळण यांच्यात वेळ फार नसतो. बाईकवाल्याचा पाय मात्र दुसरं सांगतो. ग्रुपमधल्या रायडरने उजवा पाय बाहेर काढला तर उजव्या बाजूला खड्डा, खडी किंवा सांडलेलं डिझेल आहे, डावा काढला तर डावीकडे आहे. हात सोडायची सोय नाही म्हणून पाय. म्हणजे रिक्षाचा पाय दिसला तर त्या बाजूला ती येतेय, बाईकचा पाय दिसला तर त्या बाजूला तुम्ही जाऊ नका. दोन्हीकडे करायचं एकच, त्या बाजूला गाडी घालायची नाही.

समोरून येणारा बाईकवाला तळवा खाली करून हात दाबल्यासारखा करतोय तर पुढे काहीतरी आहे. काय आहे ते कळत नाही पण घाटात असाल तर दरड, बंद पडलेला ट्रक, मेंढरं, काहीही असू शकतं. हेल्मेटवर टपली मारून दाखवली तर बहुतेक पुढे पोलीस उभे आहेत. (हेल्मेट आरशाला लटकवून चालवणाऱ्यांना हा इशारा बरोबर कळतो.) त्याने नुसतं डोळ्यांवर हेडलाईट मारली तर मात्र अर्थ वेगळा, आपल्याकडे त्याचा अर्थ शंभरातल्या नव्वद वेळा मी येतोय, तू थांब असाच असतो.

ओव्हरटेकसाठी जा म्हणून हात करणाऱ्याबद्दल जरा सविस्तर बोलतो. सिंगल रोडवर ट्रकच्या मागे अडकलात आणि ट्रकने उजवा इंडिकेटर दिला, तर तो स्वतः वळतोय का, समोरून गाडी येतेय म्हणून मागेच थांब म्हणतोय, का जा म्हणतोय हे इंडिकेटरवरून सांगता येत नाही. भाग बदलला की पद्धत बदलते. अशा वेळी ड्रायव्हरचा हात बाहेर आला तर निदान एवढं कळतं की तो तुम्हाला बघून सांगतोय. पण तो हात म्हणजे परवानगी नाही. त्याला समोरचं दिसतंय, तुमच्या गाडीचा पिकअप किती, मागे सामान किती, मागे कोणी बसलंय का हे त्याला माहीत नाही, आणि चुकलं तर हात त्याचा असला तरी जीव तुमचा असतो. बाईकवाल्याने कारला जा म्हटलं तरी हेच. त्याच्या बाईकला तीन फूट जागा पुरते, तुमच्या गाडीला पुरणार आहे का ते तुम्ही बघायचं. ऊसाच्या सिझनला सांगली-कोल्हापूरकडे दोन-दोन ट्रॉल्या जोडलेल्या ट्रॅक्टरवरून कोणी जा म्हणून हात केला तर दुसरी ट्रॉली संपते कुठे ते आधी बघा, त्या लांबीला ओव्हरटेक करायला वाटतो त्यापेक्षा बराच वेळ लागतो.

रविवारी सकाळी ताम्हिणीला किंवा जुन्या मुंबई-पुणे हायवेला (एक्स्प्रेसवेवर टू-व्हीलरला बंदी आहे) दहा-पंधरा बाईकचा ताफा दिसतो, त्यांचे इशारे त्यांच्या त्यांच्यात असतात. पुढच्याला लीड म्हणतात, शेवटच्याला स्वीप, लीडने केलेला इशारा प्रत्येकाने मागे पास करायचा. एक बोट वर, सगळे एका रांगेत या. तर्जनी आणि करंगळी वर, आलटून पालटून डावी-उजवी अशी रांग करा. डावा हात खाली सोडून तळवा मागे, थांबा. टाकीकडे बोट, पेट्रोल. अंगठा तोंडाकडे, चहा. मूठ आवळून खाली-वर, लघवीला थांबायचंय. कारवाल्यांनी यातलं एकच लक्षात ठेवलं तरी पुरे, एक बोट वर गेलं की ताफा आक्रसून एका रांगेत येणार आणि तेव्हाच तुम्हाला जायला जागा होणार, मध्येच दोन बाईकच्या फटीत शिरू नका. रायडर्सनाही सांगतो, रस्त्यावरच्या प्रत्येक खड्ड्याला बोट दाखवत बसू नका, आपल्या रस्त्यांवर दिवस तिथेच संपेल आणि मागच्याचं लक्ष रस्त्यावरून उडून तुमच्या बोटावर जाईल. चाक जिथून जाणार तिथलंच दाखवा.

स्वतः हात द्यायचा असेल तर क्रम असा. आरसा बघा, इंडिकेटर द्या, मग हात, मग हात परत हँडलवर, मान वळवून खांद्यामागे एक नजर, आणि मगच वळा. हात ब्रेक मारायच्या आधी द्यायचा, ब्रेक मारता मारता नाही. ताशी ६० च्या स्पीडला गाडी सेकंदाला साधारण १७ मीटर जाते, दोन सेकंद हात बाहेर ठेवला तर ३३ मीटर एका हातावर गेलात, म्हणून रस्ता सरळ आणि कोरडा असेल तेव्हाच. वळणात, खडीवर, ओल्या पांढऱ्या पट्ट्यावर, रंबलरवर दोन्ही हात हँडलवर, तिथे इंडिकेटर आणि ब्रेकलाईट दोनदा टपटप करून मागच्याला कळवायचं. रात्री काळे ग्लोव्हज घालून केलेला इशारा कुणालाच दिसत नाही. ग्लोव्हजच्या पाठीवर आणि जॅकेटच्या बाहीवर रिफ्लेक्टर टेपची पट्टी चिकटवा, फार खर्च नाही त्यात.

मागे कोणी बसलं असेल तर हात दाखवायचं काम त्यांना द्या, तुमचे दोन्ही हात हँडलवरच राहतात. मात्र त्यांना आधी सांगून ठेवा की वळायच्या किती आधी हात काढायचा आणि मागची गाडी थांबली का ते वळून बघायचं, नुसता हात बाहेर काढून मोबाईल बघत बसायचं नाही. आणि हेल्मेटमध्ये, वाऱ्यात, बोललेलं ऐकू येत नाही, म्हणून तुमच्या दोघांतले इशारे निघायच्या आधी ठरवा. आमच्या घरी खांद्यावर एक टपली म्हणजे हळू, दोन म्हणजे थांब, आणि सलग चार-पाच म्हणजे ते दुकान मागे गेलं.