पिल्लाला बाहेरची सवय लावताना: आधी दोरी, मग खेळ

कुत्र्याचं पिल्लू घरी आलं की आमच्याकडे पहिला सल्ला ठरलेला: "नाक घास त्याचं मुतात, एका दिवसात शिकते पाय." माझ्या दारात सहा-सात पिल्लं वाढली. नाक घासलेलं पिल्लू एवढंच शिकतं, की माणसासमोर मुतायचं नाही. मग ते तुरीच्या पोत्यांमागे जातं आणि आठवड्याने वासावरून कळतं.

बाहेर नेण्याच्या वेळा सोप्या आहेत. झोपून उठल्यावर, खाल्ल्यावर थोड्या वेळाने, खेळ रंगात आल्यावर आणि रात्री निजण्याआधी. दोन महिन्यांचं पिल्लू दिवसा दोन-तीन तासांच्या वर धरू शकत नाही; रात्रीही एकदा उठावंच लागतं. जमीन हुंगत गोल फिरू लागलं, की उचला.

खरी अडचण अंगणात. माझं एक पिल्लू, भुऱ्या, असाच धिंगाणेबाज. दार उघडलं की कोंबड्यांमागे, तिथून बकरीच्या खुंट्याशी, मग सरपणाच्या ढिगावर. वीस मिनिटं नुसती उड्डाणं, आणि आत येताच छपरीत उंबऱ्यालगत धार! महिनाभर मी त्याला हट्टी ठरवत होतो. तो खेळाच्या नादात मुतायचंच विसरत होता, आणि मी सोडून देण्यालाच बाहेर नेणं समजत होतो.

हलकी सुती दोरी घ्या, चार हातांची. सांदवाडीतला, म्हणजे परसातला, एकच कोपरा ठरवा आणि तिथे खांबासारखे उभे राहा. बोलायचं नाही, कुरवाळायचं नाही. ते दोरी चावेल, पायजम्याला लोंबकळेल; लक्ष देऊ नका. सात-आठ मिनिटांत काही झालं नाही, तर आत आणा, पण दोरी हातातच ठेवा. दहा मिनिटांनी पुन्हा तोच कोपरा. मुतलं, की तिथल्या तिथे भाकरीचा तुकडा द्या आणि मग दोरी सोडा, पळू द्या मनसोक्त. मी उलटं करायचो, काम झालं की लगेच आत. त्यामुळे मुतलं की मजा संपते हे भुऱ्याने ताडलं आणि तो धरून ठेवायला लागला.

कोपरा निवडताना गावातली कुत्री येत नाहीत असाच निवडा. पार्व्हो या कुत्र्यांच्या जीवघेण्या जुलाब-उलट्यांच्या रोगाचा विषाणू मातीत महिनोन्‌महिने टिकतो आणि पिल्लाच्या लसी तोवर पूर्ण झालेल्या नसतात.

सारवलेल्या जमिनीवर मुतलं, तर पाणी ओतून उपयोग नाही. वास आत मुरतो आणि पिल्लू तिथेच परत येतं. मी खुरप्याने ओला थर खरवडून काढतो, जागा वाळू देतो, मग ताजं सारवतो. फरशी असेल तर साबणाचं पाणी, वरून व्हिनेगर. फिनाईलने वास फक्त आपल्या नाकापुरता जातो, पिल्लाला येतच राहतो.

घाण कमी व्हावी म्हणून पाणी तोडू नका, मे महिन्यात तर मुळीच नाही. आणि सवय लागलेलं पिल्लू अचानक थेंब-थेंब मुतू लागलं, तर त्याला रागावू नका, जनावरांच्या दवाखान्यात न्या.