उत्क्रांती शिकवायची तर कोंबडीच्या पंखापासून

गोव्यात पेडण्याला नववी-दहावीला विज्ञान शिकवते. दहावीच्या एनसीईआरटी (केंद्रीय अभ्यासक्रमाच्या) पुस्तकातून उत्क्रांती वगळली, तरी मुलांचे प्रश्न कुठे जातात?

सुरुवात डार्विनपासून करू नका, हाडांपासून करा. उकडून साफ केलेला कोंबडीचा पंख वर्गात न्या. (श्रावणात नको, मी नेला होता. डबे बंद झाले आणि दुसऱ्या दिवशी दोन मुलांच्या आया आल्या.) मुलांना आपला हात चाचपायला सांगा: वर एक हाड, खाली दोन, मग मनगट. पंखातही तोच क्रम, फक्त टोकाची बोटं जुळलेली. वटवाघळाचं चित्र तेव्हाच दाखवा. "असं का?" हे त्यांनाच विचारू द्या, घाई नको. डार्विन आणि त्याचं १८५९ चं पुस्तक त्यानंतर.

उत्क्रांती दशावताराशी जोडायचा मोह टाळा. मत्स्य, कूर्म, वराह... आमच्याकडे दशावतारी नाटकं पाहून वाढलेल्या मुलांना ते चटकन पटतं. मीही जोडलं होतं. मागच्या बाकावरून एक मुलगी म्हणाली, "टीचर, मगीर आमचो आदांव खंय?" (मग आमचा आदाम कुठे?) वर्ग हसला, ती रडवेली झाली. चूक माझी होती.

आता कुणी आदाम-एव्ह काढले की सांगते, १९९६ मध्ये पोप जॉन पॉल दुसरे यांनी उत्क्रांतीला निव्वळ गृहीतकापेक्षा अधिक मानलं. आत्म्याचा प्रश्न घरी, पाद्रींकडे किंवा भटजींकडे. परीक्षेत मात्र पुरावाच लिहायचा.

"माणूस माकडापासून झाला" हे वाक्य फळ्यावर लिहून खोडा. समान पूर्वज म्हणा.