डावीकडे दृश्य, उजवीकडे ध्वनी

शैक्षणिक व्हिडिओंसाठी लिहू पाहणारी मुलं-मुली भेटली की मी त्यांना माझी पहिली संहिता वाचायला देते. साल 1985. विषय बाष्पीभवन, वेळ 20 मिनिटं. तेव्हा पान उभं दुमडून लिहायची पद्धत होती: डावीकडे दृश्य, उजवीकडे ध्वनी. माझी उजवी बाजू गच्च भरलेली होती. निर्मात्यांनी तिच्यावर हात ठेवला आणि म्हणाले, "आता वाचा." डावीकडे एवढंच होतं: 'वर्ग. शिक्षक बोलत आहेत.'

त्या रात्री मी सगळं निवेदन बाजूला ठेवलं. एक मुलगी ओल्या फडक्यानं पाटी पुसते, वाळावी म्हणून हलवते. मग दोन ओल्या पाट्या, एक उन्हात, एक सावलीत. उन्हातला ओलेपणा कडेकडेनं आत सरकत नाहीसा होतो. पूर्ण एक मिनिट कोणी बोलत नाही. 'बाष्पीभवन' हा शब्द आला तो थेट आठव्या मिनिटाला. तुम्हीही डावी बाजू आधी पुरी करा. तिथे काही सुचत नसेल, तर विषय अजून आपल्यालाच कळलेला नाही असं समजा आणि पुन्हा पुस्तकाकडे, विषयतज्ज्ञाकडे जा.

आमच्या आधीच्या पिढीनं हे काम 'साइट' या उपग्रहावरून शैक्षणिक दूरचित्रवाणी पोचवण्याच्या प्रयोगात केलं होतं. ऑगस्ट 1975 ते जुलै 1976 असं वर्षभर अमेरिकेच्या एटीएस-6 उपग्रहावरून सहा राज्यांतल्या सुमारे 2,400 गावांत कार्यक्रम पोचत होते. अवकाशशास्त्रज्ञ एकनाथ चिटणीस, शैक्षणिक चित्रपट करणाऱ्या विजया मुळे ही आपली माणसं त्यात महत्त्वाच्या जागी होती, पण महाराष्ट्र त्या सहा राज्यांत नव्हता. मराठी मुलांची पाळी आली ती भारताचा इन्सॅट-1बी हा उपग्रह 1983 मध्ये आकाशात गेल्यावर. पुण्यात मुलांसाठी शैक्षणिक कार्यक्रम करणारी बालचित्रवाणी ही संस्था सुरू झाली आणि 5 ते 8 व 9 ते 11 अशा दोन वयोगटांसाठी मराठीत लिहिणारी माणसं लागू लागली. हे दोन गट वेगळे का, ते पहिलीच्या वर्गात एक तास बसल्याशिवाय कळत नाही. बसाच.

एकदा विदर्भातल्या एका शाळेत मी माझाच कार्यक्रम मुलांबरोबर पाहिला. मी पडद्याकडे पाठ करून, मुलांचे चेहरे दिसतील अशी बसले होते. (ही सवय मला सर्वांत जास्त उपयोगी पडली.) कार्यक्रमातली आजी धणे पेरते आणि म्हणते, "बघ हं, कोथिंबीर उगवेल." चेहरे कोरे. एकानं शेजाऱ्याला विचारलं, त्यानं अंदाजानं सांगितलं, "सांबार असंन." (विदर्भात कोथिंबिरीला सांबार म्हणतात.) तोवर आजी पाणी घालून पुढच्या वाफ्याकडे गेली होती. तेव्हा कार्यक्रम थांबवता येत नसे, मागे नेता येत नसे. सुटलं ते सुटलं. चूक माझी होती. मी पुण्यातल्या स्वयंपाकघरात बसून लिहिलं होतं. त्यानंतर मी वस्तू आधी जवळून दाखवायची आणि मग तिचं नाव घ्यायचं, असं ठरवलं. शाळेतला टीव्ही संच रंगीत असेल याचीही खात्री नसे, म्हणून 'लाल फूल बघा' असली वाक्यंही गेली.

पैशांचं स्पष्ट सांगते. मानधन संहितेमागे मिळे, त्यावर घर चालत नसे. मी शाळेतली नोकरी सोडली नाही, आकाशवाणीसाठीही लिहिलं. आजही पहिली काही वर्षं दुसरा आधार ठेवा.

संहिता घड्याळ लावून मोठ्यानं वाचा आणि शिक्षकांना विसरू नका. संचाशेजारी ते उभे असतात. पाट्यांच्या कार्यक्रमात मी शेवटचा प्रश्न उत्तराशिवाय सोडला होता: सावलीतल्या पाटीला वारा घातला तर? एका शाळेत कार्यक्रम संपताच बाईंनी संच बंद केला आणि दार उघडलं. मी बाहेर आले तेव्हा अख्खा वर्ग हापशीवर पाट्या भिजवत होता.