उत्तर कोरियातून आलेल्या बाईचा सोलमधला पहिला महिना: सोबत कशी करावी

हानावोन या सरकारी केंद्रातलं सुमारे 12 आठवड्यांचं प्रशिक्षण आटोपूनच ती दक्षिण कोरियातल्या भाड्याच्या सरकारी घरात येते. (येणाऱ्यांत बायका जास्त, म्हणून इथे ‘ती’.) बँक, मेट्रो, कायदे हे सगळं वर्गात ऐकून झालेलं असतं, अडतं ते प्रत्यक्ष करताना. तेव्हा शेजारी उभे राहा, काम तिलाच करू द्या.

पहिल्या दिवशी दाराच्या कुलपाचा आकडा तिने स्वतः ठरवावा, जमीन तापवणारा बॉयलर चालू-बंद करून पाहावा. मग कचरा. खरकटं वेगळं, कागद, काच, प्लास्टिक वेगळं, उरलेलं पालिकेच्या विकतच्या पिशवीत. ही पिशवी आपल्याच भागाची लागते, किराणा दुकानात मिळते. साध्या पिशवीत टाकलं की दंड होऊ शकतो, शेजाऱ्यांशी पहिली कुरबुरही इथूनच सुरू होते. बसमध्ये कार्ड उतरतानाही टेकवायचं, नाहीतर पुढच्या गाडीची सवलत बुडते.

‘कळलं का?’ असं कधीच विचारू नका. उत्तर कोरियात आठवड्याच्या सभेत चारचौघांत आपल्या चुका कबूल कराव्या लागतात. अशा ठिकाणी वाढलेलं माणूस ‘हो’च म्हणणार. ‘आता तुम्ही करून दाखवता का?’ म्हणा. चूक झाली तर गप्प राहा, दुसऱ्यांदा करू द्या.

पैशाचं मात्र पहिल्याच आठवड्यात कागदावर मांडा. सीमा ओलांडून देणाऱ्या दलालाचं देणं बहुतेकींच्या डोक्यावर असतं आणि सरकारी मदतीचा पहिला हप्ता तिकडेच जातो. आधी भाडं, मेंटेनन्स, गॅस, वीज, पाणी, फोन बाजूला काढा. उरलेल्यातून दलालाला हप्ते. ‘तुमचं खातं वापरायला द्या, पैसे देतो’ म्हणणारे हमखास भेटतात. खातं किंवा कार्ड असं देणं दक्षिण कोरियात गुन्हा आहे आणि पकडली जाते ती खातेदार.

तिचा फोटो कुठेही टाकू नका, तिने हो म्हटलं तरी. मागे राहिलेल्या नातेवाइकांना त्याची शिक्षा होऊ शकते.

महिना सरला तरी बिलं पाहणं सोडू नका. 2019 मध्ये सोलमध्ये अशीच आलेली एक आई आणि तिचं लहान मूल घरात मृतावस्थेत सापडलं. थकबाकीमुळे त्यांचं पाणी आधीच तोडलेलं होतं. लागोपाठ दोन बिलं थकली की फोनवर चौकशी करत बसू नका. घरी जा, फ्रीजमध्ये काय आहे ते बघा आणि त्याच दिवशी तिला घेऊन जवळचं हाना केंद्र, म्हणजे उत्तर कोरियातून आलेल्यांना मदत करणारं स्थानिक केंद्र, गाठा.