मेडियाला निर्दोष ठरवू नका

ग्रीक पुराणातली शोकांत नायिका आजच्या रंगमंचावर आणायची असेल, तर आधी तिच्या हातून जे घडलं ते तसंच ठेवा. मेडियावर एकपात्री संहिता लिहिताना सोपी वाट माझ्यासमोरही होती. प्राचीन ग्रीक प्रवासवर्णनकार पॉसेनिअसने नोंदवलेल्या कथेत तिच्या मुलांना कोरिंथचे लोक दगडांनी ठेचून मारतात. ती घेतली की मेडिया सुटते, पण प्रेक्षकही सुटतो. म्हणून मी ग्रीक नाटककार युरिपिडीसच्या ‘मेडिया’ला धरून राहिले. त्याची मेडिया स्वतःच्या हाताने मुलांना मारते. इ.स.पूर्व 431 मध्ये अथेन्सच्या नाट्यस्पर्धेत हे नाटक आलं तेव्हा त्याला तिसरा, म्हणजे शेवटचा क्रमांक मिळाला.

मग ती आजची कशी होणार? हातात मोबाइल देऊन नक्कीच नाही. तिला कोंडणारे कायदे शोधा. इ.स.पूर्व 451 मध्ये अथेन्सचा नेता पेरिक्लीसने कायदा केला, की आईवडील दोघेही अथेन्सचे असतील तरच मुलाला नागरिकत्व. नाटक कोरिंथमध्ये घडतं, पण बघणारे अथेन्सचे होते. परदेशी बायकोची जागा कोणती, हे त्यांना पक्कं माहीत होतं. नवऱ्यासाठी, जेसनसाठी, मेडियाने बापाला दगा दिला, आपला देश कोल्किस सोडला. आता तो राजकन्येशी लग्न करतो आणि राजा क्रेऑन हिला मुलांसकट हद्दपार करतो. नवऱ्याच्या व्हिसावर गेलेल्या आणि तिकडेच टाकून दिलेल्या बाईला यातलं काही समजावून सांगावं लागणार नाही.

क्रेऑनचा प्रवेश मात्र पुन्हा पुन्हा वाचा. मुलांचं नाव पुढे करून ती त्याच्याकडून एका दिवसाची मुदत मागून घेते. पुढे अथेन्सचा राजा एजियस येतो, तर बेत उघड करण्याआधी त्याच्याकडून आसऱ्याची शपथ घेते. ही वेडाच्या भरातली बाई नव्हे. तिला वेडी दाखवणारं रूपांतर मला तिचा अपमान वाटतो.

तालमीचा सर्वात जास्त वेळ मुलांसमोरच्या स्वगताला द्या. ती ठरवते, मोडते, पुन्हा ठरवते. नटी सुरुवातीलाच ओरडली, की ही वळणं हरवतात.

शेवटी पोलीस आणू नका. युरिपिडीस तिला सूर्याच्या रथातून जाऊ देतो, शिक्षा देत नाही. रथ जमत नसेल, तर तिला उंचावर उभी करा आणि जेसनला मुलांच्या देहांना हात लावू देऊ नका.