रेती-मुरुमाची गाडी जप्त झाली? सोडवताना या चुका टाळा

दहिसर किंवा मुलुंड नाक्यावर महसूल पथकाने विनापरवाना खनिज वाहतुकीसाठी डंपर अडवला की मालक आधी एजंटाला फोन लावतो. तोवर पंचनामा होऊन जातो. गाडी किती पैशांत सुटणार हे बरेचसे त्याच कागदावर ठरते आणि त्यावर सही करायला तिथे एकटा ड्रायव्हर असतो.

ब्रास न मोजता सही करणे

सर्वांत महागात पडणारी चूक हीच. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट. हौद्याची आतली लांबी, रुंदी आणि मालाची उंची फुटांत घ्या, गुणाकाराला १०० ने भागा. १४ × ७ × ४ म्हणजे ३९२ घनफूट, ३.९२ ब्रास. पंचनाम्यात 'अंदाजे ५ ब्रास' लिहिले असेल तर पुढचा सगळा हिशोब पाचवर चालतो. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम ४८(७) खाली दंड बाजारमूल्याच्या पाचपटीपर्यंत जातो. भाव ब्रासला ५,००० रुपये धरला, तर ३.९२ ब्रासवर ९८,००० आणि ५ ब्रासवर १,२५,००० होतात. ड्रायव्हरने टेपसह फोटो काढावेत, माप मान्य नसेल तर सहीशेजारी तसे लिहावे आणि प्रत मागून घ्यावी. कोऱ्या किंवा अर्धवट कागदावर सही अजिबात करू नये.

कायद्यात 'पाचपटीपर्यंत' असे शब्द आहेत. पाचपट ही कमाल मर्यादा आहे. नोटिशीला लेखी खुलासा दिला, तर कमी दंडाची मागणी करता येते. खुलासाच दिला नाही, तर ती संधी हातची जाते.

दोन दंड एकच समजणे

खनिजाचा दंड वेगळा, वाहनाचा वेगळा. पहिला तहसीलदार ठरवू शकतात. वाहन सोडण्याचा आदेश मात्र कलम ४८(८) खाली जिल्हाधिकारी किंवा त्यांनी अधिकार दिलेले, उपजिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या दर्जाचे नसलेले अधिकारीच देतात. जप्तीनंतर ४८ तासांत वाहनाचे प्रकरण त्यांच्यापुढे जायला हवे. २०१८ च्या नियम दुरुस्तीप्रमाणे ट्रॅक्टर-ट्रॉलीला १ लाख, डंपर किंवा फुल बॉडी ट्रकला २ लाख आणि एक्सकॅव्हेटरला (खोदकाम यंत्राला) साडेसात लाख रुपये दंड आहे. वाहनाचा दंडही तहसीलदारांच्याच सहीने आला असेल तर अधिकाराचा मुद्दा लेखी घ्या. उच्च न्यायालयात असे आदेश टिकलेले नाहीत.

पैसे ग्रास (राज्य सरकारची ऑनलाइन भरणा प्रणाली) चलनानेच भरा. रोख दिलेल्या रकमेची नोंद प्रकरणाच्या फाइलला लागत नाही.

चुकीच्या दारात चकरा मारणे

जप्ती महसूल खात्याची असेल तर अर्ज महसूल कार्यालयात. मुंबई उपनगर जिल्ह्यात अंधेरी, बोरिवली किंवा कुर्ला यांपैकी संबंधित तहसीलमार्फत. पोलिसांनी गुन्हा नोंदवून गाडी घेतली असेल तर दंडाधिकाऱ्यांच्या न्यायालयात, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ किंवा ५०३ खाली. जप्त वाहने पोलीस ठाण्यात सडत ठेवू नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई देसाई प्रकरणात २००२ सालीच सांगितले आहे. अर्जात त्याचा उल्लेख करा. आरसी, विमा, फिटनेस, परमिट जोडा.

तडजोड केली म्हणजे सगळे मिटले असे मानणे

खाण व खनिज अधिनियमाच्या कलम २३-अ खाली रक्कम भरून गुन्हा मिटवता येतो, खटला सुरू होण्याआधी किंवा नंतरही. पण मिटतो तो त्या कायद्याखालचा गुन्हा. वाळू चोरीचा गुन्हाही नोंदला असेल तर तो चालूच राहतो; जयंत विरुद्ध मध्य प्रदेश (२०२०) या निकालाने हे स्पष्ट झाले. म्हणून पैसे भरण्याआधी एफआयआरची प्रत घ्या, कलमे वाचा आणि जामिनाचीही तयारी ठेवा.

मागाहून पास दाखवणे

'महाखनिज' या सरकारी ऑनलाइन प्रणालीवरून मिळणाऱ्या खनिज वाहतुकीच्या ई-पासवर वेळ, वाहन क्रमांक आणि ठिकाण असते. जप्तीनंतरच्या वेळेचा किंवा दुसऱ्या गाडीचा पास दाखवला की साधे प्रकरण बनावट कागदपत्रांचे होते. पास खरा असेल तर त्याच दिवशी लेखी सादर करा.

पायाच्या मातीला खनिज न मानणे

मुंबईत तळघर खोदणारे इथे हमखास फसतात. खोदलेली माती त्याच प्लॉटवर भरावाला वापरली तर मुद्दा वेगळा. सर्वोच्च न्यायालयाने पुण्याच्या बिल्डरांच्या प्रकरणात तसा फरक केला आहे. मुरूम किंवा माती बाहेर नेताना मात्र परवानगी, स्वामित्वधन (रॉयल्टी) आणि पास लागतो. 'डेब्रिज आहे' एवढ्या तोंडी उत्तराने गाडी सुटत नाही.

बंधपत्र न वाचणे, अपिलाची मुदत चुकवणे

दंडाबरोबर जातमुचलका, म्हणजेच वैयक्तिक बंधपत्र, द्यावा लागतो. त्याची रक्कम वाहनाच्या बाजारमूल्यापेक्षा जास्त नसावी. विम्यातली वाहनाची किंमत पुराव्याला जोडा. त्यात ही गाडी पुन्हा अवैध उत्खननाला वापरणार नाही अशी हमी असते, म्हणून गाडी भाड्याने देत असाल तर भाडेकरूकडूनही तसे लिहून घ्या. तहसीलदारांच्या आदेशावर ६० दिवसांत उपविभागीय अधिकाऱ्यांकडे अपील करता येते. अपिलासोबत स्थगितीचा स्वतंत्र अर्ज द्या. नुसत्या अपिलाने वसुली थांबत नाही, आणि थकलेली रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होते.