आधी बुरशी, मग मोगली

१९९३ साली दूरदर्शनवर रविवारी लागणारं 'जंगल बुक' तुमच्या घरी कोणी व्हीसीआरवर भरून ठेवलं असेल, तर ती कॅसेट भंगारात देऊ नका बाप्पा, संगणकावर तिची कॉपी करून घ्या. मालिका जपानी, १९८९ची. पण नाना पाटेकरांचा शेरखान फक्त आपल्या हिंदीतच आहे.

आधी कॅसेटच्या खिडकीतून फितीच्या कडा उजेडात बघा. पांढरट ठिपके म्हणजे बुरशी. अशी कॅसेट व्हीसीआरमध्ये घालायचीच नाही. बुरशी हेडला, म्हणजे फीत वाचणाऱ्या भागाला, चिकटते आणि पुढच्या कॅसेटला लागते. नागपुरात लोक पावसाळ्याला दोष देतात, माझा संशय कूलरवर. कॉपी करायचं कामही कूलरच्या खोलीत नको, ड्रमवर (हेड बसवलेल्या फिरत्या गोल भागावर) दमटपणा धरतो.

हेड साफ करताना प्लग काढा. काडीला गुंडाळलेलं शॅमॉय (मऊ चामडं) आयसोप्रोपिल अल्कोहोलात भिजवून ड्रमला आडवं, स्थिर टेकवा आणि दुसऱ्या हाताने ड्रम हळू फिरवा. काडी वरखाली घासली की हेड तुटलाच समजा. कान साफ करायच्या काडीचा कापूसही नको, तंतू अडकतात.

वर्षानुवर्षं पडून असलेली फीत एकदा पूर्ण पुढे, मग पूर्ण मागे फिरवा, म्हणजे ताण सारखा होतो. मग व्हीसीआरचं ट्रॅकिंग, म्हणजे हेड फितीवरच्या रेघांवर नीट बसवणं, हाताने जुळवा. व्हीसीआरला एस-व्हिडिओची (जास्त स्वच्छ चित्र देणाऱ्या जोडणीची) सोय असेल तर तीच तार, नाहीतर नेहमीची पिवळी. चित्राच्या उभ्या कडा लहरत असतील तर मध्ये टाइम बेस करेक्टर, म्हणजे चित्राच्या ओळी सरळ करणारं यंत्र, लागतं. ते महाग आहे, पण जुना डीव्हीडी रेकॉर्डर मध्ये जोडला तर पुष्कळदा काम भागतं.

संगणकावर कॅप्चर ७२० बाय ५७६, सेकंदाला २५ फ्रेम, इंटरलेस्ड (एकाआड एक ओळींचं) चित्र जसंच्या तसं, हफवाययूव्ही किंवा एफएफव्ही१ या काहीही न गमावणाऱ्या फॉरमॅटमध्ये. तासाला २५-३० जीबी जातील, जाऊ द्या. थेट एमपी४ केलं की गमावलेलं परत येत नाही. फोनवर बघायला वेगळी छोटी प्रत काढा.

एआयने 'एचडी' करायचा मोह पोट्ट्यांना फार. त्यात मोगलीच्या चेहऱ्याची शाईची रेघ प्लास्टिकसारखी गुळगुळीत होते. नागपूरच्या सेमिनरी हिल्सवरच्या दूरदर्शन टॉवरवरून येणाऱ्या चित्राला उजवीकडे फिकट सावली असायची, तीही राहू द्या. जाहिराती तर अजिबात कापू नका. तारीख ठरवायला त्याच कामी येतात.

दोन हार्ड डिस्कवर प्रती ठेवा, एक दुसऱ्याच्या घरी. हक्क मालिकावाल्यांचे आहेत, तेव्हा विकायचं नाही. आणि कॉपी झाली तरी कॅसेट उभीच ठेवा, आडवी नाही.